सहाय्यक अभिनेत्रीची कारकीर्द: आपल्या कोकणातल्या मुलीने 'नणंदेचं काम' घ्यावं का?

कर्लीकाठ

नमस्कार मंडळी,

मालवण तालुक्यात आमचा हौशी नाटकवाल्यांचा गट आहे. राज्य नाट्य स्पर्धेला उतरतो, गावोगावी जत्रांच्या दिवसांत एकांकिका करतो. गटात एक सव्वीस वर्षांची मुलगी आहे, पतसंस्थेत नोकरीला. समोरचा वाक्य विसरला तर ती त्याचं वाक्य आपल्या वाक्यात असं ओवून घेते की प्रेक्षकाला पत्ता लागत नाही. तिने मोबाइलवर ऑडिशन करून पाठवली, लूक टेस्टला मुंबईला जाऊन आली, आणि आता एका रोजच्या मालिकेत नायिकेच्या थोरल्या नणंदेचं काम तिला विचारलंय.

घरात रणकंदन चालू आहे. वडील म्हणतात, "हिरॉईन असती तर एक वेळ बघितलं असतं. पगाराची नोकरी सोडून कोणाची तरी नणंद व्हायला कशाला जायचं?" गटातल्या दोघातिघांचंही हेच मत.

मला हे अजिबात पटत नाही. नायिका झाली नाही म्हणजे जमलं नाही, ही मोजपट्टीच मुळात चुकीची आहे. आमच्याच तालुक्यातलं धामापूर हे छाया कदम यांचं गाव. वाढल्या मुंबईत, आधी कबड्डी खेळायच्या, मग नाट्यदिग्दर्शक वामन केंद्रे यांच्या शिबिरातून नाटकात आल्या, 'झुलवा' केलं. पुढे 'फँड्री'त जब्याची आई, 'सैराट'मध्ये परक्या शहरात त्या दोन पोरांना आसरा देणारी अक्का, 'न्यूड'मधली चंद्राक्का, 'झुंड'मध्ये अमिताभ बच्चन यांच्या पात्राची बायको. यातली एकही रूढ अर्थाने हिरॉईन नाही. आणि २०२४ च्या एकाच मार्च महिन्यात 'लापता लेडीज'मधली स्टेशनावर टपरी चालवणारी मंजू माई आणि 'मडगाव एक्सप्रेस'मधली कंचन कोंबडी अशा दोन टोकांच्या बायका पडद्यावर आल्या. मे महिन्यात 'ऑल वी इमॅजिन अॅज लाइट'साठी कान महोत्सवाला त्या आईची साडी नेसून, आईची नथ घालून गेल्या. 'लापता लेडीज'साठी पुढे फिल्मफेअरचा सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कारही मिळाला.

तर प्रश्न दोन. तिने जावं का? आणि जायचं ठरलं तर काय विचारून, काय लिहून घेऊन जावं? या क्षेत्रातलं कोणी असेल तर सविस्तर लिहा. मुलगी हा धागा वाचणार आहे.

सोलकढी

जाऊ दे तिला! सव्वीस हे काही उशीर झाल्याचं वय नव्हे आणि पतसंस्था कुठे पळून जात नाही.

दर्यावर्दी

सोलकढी, पतसंस्था पळून जात नाही, पण तिथली खुर्ची जाते. आमच्याकडे एका जागेला किती अर्ज येतात ते बघितलंय मी.

कर्लीकाठ, तुमची तळमळ कळते. पण छाया कदम यांचं उदाहरण देताना मधली वर्षंही मोजा. 'झुलवा' केल्यापासून लोकांनी नावानिशी ओळखायला किती काळ गेला? त्या काळात घरभाडं कोणी भरलं? शिवाय त्या मुंबईच्या. घर तिथे, माणसं तिथे. मालवणच्या मुलीला खोलीपासून सुरुवात. आणि मालिकेतली नणंद म्हणजे काय, टीआरपी घसरला की पहिली तीच परदेशी जाते नाहीतर जिन्यावरून पडते.

मी विरोधात नाही. पण वडील चुकीचं बोलतायत असंही म्हणणार नाही.

गजाल

दर्यावर्दी, जिन्यावरसून पडलेली नणंद सा म्हयन्यांनी परत येता, चेहरो बदलून! 😄 पण खरा सांगू, ता चेडू जांवदे. रंगमंचावर दुसऱ्याचा वाक्य सांभाळणारा माणूस रोज गावणा नाय.

सेटवरची

मूळची वेंगुर्ल्याची, बरीच वर्षं मालिकांच्या सेटवर दिग्दर्शन विभागात काम करते. म्हणून थोडं मोठं लिहिते.

आधी कामाचं स्वरूप. रोजच्या मालिकेत सहाय्यक कलाकार 'पर डे'वर, म्हणजे दिवसाच्या हिशेबाने असतात. शिफ्ट बारा तासांची म्हणतात, जायचा-यायचा वेळ धरून दिवस संपतो. पैसे साधारण नव्वद दिवसांनी हातात येतात, ही या धंद्याची जुनी रीत आहे. म्हणजे पहिले तीन महिने खोलीचं डिपॉझिट, जेवण, रिक्षा हे सगळं घरचं. दर्यावर्दी म्हणतात तो मुद्दा इथे खरा आहे. ज्यांच्या घरून हे तीन महिने निघत नाहीत त्या मुली अभिनय चांगला असूनही परत जातात.

आता अभिनयाचं. बाहेरून वाटतं की नणंदेला चार वाक्यं, त्यात काय कठीण? सेटवर होतं काय, तर घरातल्या सगळ्यांचा मोठा सीन असला की आधी मास्टर, म्हणजे सगळे एकत्र दिसणारा लांबचा शॉट लागतो, त्यात नणंद मागे परात घेऊन उभी. मग नायिकेचे क्लोज, म्हणजे जवळून घेतलेले शॉट. तिचे पुढचे सीन रांगेत असतात म्हणून तिचं आधी उरकतात. त्या वेळी नणंद कॅमेऱ्याच्या बाजूला उभी राहून तिला क्यू, म्हणजे समोरची वाक्यं देते, आणि चांगली नटी असेल तर पूर्ण जीव ओतून देते, कारण तिच्या डोळ्यांवर नायिकेचा सीन उभा राहतो. मग रात्री अकराच्या सुमारास नणंदेच्या क्लोजची पाळी. नायिका पॅकअप होऊन गेलेली. समोर आमचा असिस्टंट हातात सीनचा कागद धरून सपाट आवाजात नायिकेची वाक्यं वाचतो. कधी तोही नसतो, स्टँडला चिकटवलेल्या टेपच्या तुकड्याकडे बघायचं. त्या टेपकडे बघून तिने सकाळी अकराला ज्या पट्टीत रडू आणलं होतं त्याच पट्टीत परत आणायचं, पदर त्याच खांद्यावर, हातातल्या बांगड्या तेवढ्याच. आणि एक-दोन टेकमध्ये, कारण युनिट थकलेलं असतं.

हे जिला जमतं तिला काम कमी पडत नाही. दिग्दर्शक मंडळी तिला पुढच्या मालिकेत स्वतःहून बोलावतात. नायिका दोन वर्षांत बदलतात, या बायका वीस-वीस वर्षं काम करतात. तुमच्या मुलीचा तो गुण, समोरच्याला सांभाळून घेण्याचा, इथे सोन्यासारखा आहे.

कर्लीकाठ

सेटवरची, तुमचा प्रतिसाद तिला फोनवर वाचून दाखवला. टेपच्या तुकड्याचं ऐकून एकदम गप्प झाली, मग म्हणाली, "हे मी आजपासून घरी करून बघते."

जुनी_रसिक

वाचतेय. अलिबागहून लिहिते, वय सत्तरीच्या पुढे. सहाय्यक भूमिकांवर माझं फार प्रेम आहे, म्हणून थोडा इतिहास.

फिल्मफेअरने सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार सुरू केला तेव्हा पहिला मान आपल्या उषा किरण यांना मिळाला, १९५४ च्या 'बादबान'साठी. जन्म वसईचा, म्हणजे उत्तर कोकणातल्याच. राष्ट्रीय पुरस्कारांत हा विभाग १९८४ च्या चित्रपटांपासून सुरू झाला आणि पहिला पुरस्कार रोहिणी हट्टंगडी यांना, 'पार्टी'साठी. दोन्ही ठिकाणी पहिलं नाव मराठी बाईचं. एवढं मोठं दालन आपल्या बायकांनी उघडलं आणि आपणच त्याला 'छोटं काम' म्हणतो, याचं मला खरोखर वाईट वाटतं.

ललिता पवार आठवा. मूकपटांपासून नायिका होत्या. १९४२ साली चित्रीकरणात बसलेल्या थपडेने चेहऱ्याला पक्षाघात झाला, डोळा अधू झाला. नायिकेचं काम संपलं. त्यानंतर त्यांनी जे उभं केलं ते आपण सगळे ओळखतो: खाष्ट सासू, 'अनाडी'तल्या मिसेस डिसा, दूरदर्शनच्या 'रामायणा'तली मंथरा. नायिका म्हणून त्या आज किती जणांना आठवतात?

आणि आमच्या अलिबागशी नातं असलेल्या दुर्गाबाई खोटे. १९३२ साली 'अयोध्येचा राजा'त तारामती, १९६० साली 'मुघल-ए-आझम'मध्ये जोधाबाई, पुढे 'बिदाई'साठी सहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर. नायिकेची आई होताना त्यांना कधी कमीपणा वाटला असेल असं पडद्यावर तरी कुठे दिसत नाही. उतारवयात त्या अलिबागला राहायला आल्या होत्या.

मुंबैकर_चाकरमानी

जुनी_रसिक, मस्त प्रतिसाद. रोहिणीताईंवरून आठवलं, 'अग्निपथ'मध्ये त्या अमिताभच्या आई होत्या आणि प्रत्यक्षात त्याच्यापेक्षा आठ-नऊ वर्षांनी लहान! रीमा लागू 'वास्तव'मध्ये संजय दत्तची आई, दोघांत जेमतेम एका वर्षाचं अंतर.

दर्यावर्दी

हाच माझा मुद्दा आहे. बाईला तिशी-पस्तिशी ओलांडली की थेट आई. पुरुषाला साठीत हिरो करतात. तुमच्या मुलीला आज नणंद दिली, दहा वर्षांत तिला सासू करतील. हे कौतुकाने सांगण्यासारखं नाही, अन्याय आहे.

जुनी_रसिक

अन्याय आहेच. तो मान्य करून मग बघा त्या बायकांनी काय केलं. रीमा लागू बँकेत नोकरी करत नाटक करायच्या. आई त्यांची मंदाकिनी भडभडे, रंगभूमीवरच्याच. रीमाताईंनी हिंदी सिनेमातली रडूबाई आई बदलून टाकली. त्यांची आई मुलाशी मैत्रिणीसारखी बोलायची. आणि 'तू तू मैं मैं'मधली सासू आठवून बघा. शेवटपर्यंत मालिकेचं काम चालू होतं, मे २०१७ मध्ये गेल्या तेव्हाही.

सोलकढी

दर्यावर्दी, तुम्ही वाचलंत का? बँकेत नोकरी करत! म्हणजे पतसंस्थावाल्यांना आशा आहे. 🙂

रत्नांग्रीची_पोर

मला 'ऑल वी इमॅजिन अॅज लाइट'बद्दल लिहायचंय. त्यातली छाया कदम यांची पार्वती आमच्या रत्नागिरीकडची. मुंबईत इस्पितळात स्वयंपाकाचं काम करणारी बाई. नवरा गेलेला, चाळीतली खोली बिल्डर रिकामी करायला लावतोय आणि ती खोली तिची असल्याचा एकही कागद तिच्याकडे नाही. शेवटी गाशा गुंडाळून गावी.

ही गोष्ट आमच्या वाडीत घरोघरी आहे. गिरणीत, इस्पितळात, मेसमध्ये उभं आयुष्य काढलं आणि नावावर काही नाही. बाकीच्या दोघी मल्याळी परिचारिका, गोष्ट मुख्यतः त्यांची. पण पार्वती आणि त्यांतली एक, प्रभा, रात्री त्या टॉवरच्या जाहिरातीच्या फलकावर दगड मारतात, त्या प्रसंगात मी अक्षरशः खुर्चीत पुढे सरकले. छाया कदम तिथे आरडाओरडा करत नाहीत. दगड नीट निवडून, नेम धरून मारतात आणि हसतात. माझ्या आत्याने मारला असता तर अस्साच मारला असता.

हा चित्रपट कानच्या मुख्य स्पर्धेत होता. भारताचा चित्रपट तिथे परत पोचायला तीस वर्षं लागली, आणि पोचला तेव्हा त्यात आमच्या कोकणातली एक स्वयंपाकीण होती. कर्लीकाठ, तिच्या वडिलांना एकदा हा चित्रपट दाखवा.

मोडीवाचक

चित्रपट मलाही आवडला. एक तक्रार मात्र सगळ्या निर्मात्यांकडे आहे. कोकण म्हटलं की यांना एकच भाषा ठाऊक. रत्नागिरीकडे संगमेश्वरी, सिंधुदुर्गात मालवणी, त्यातही वेंगुर्ल्याची वेगळी, देवगडची वेगळी, आणि किनाऱ्यावर गाबीत समाजाचा हेल आणखी निराळा. मालिकेत मात्र 'खंय', 'माका', 'तुका' पेरलं की झाली कोकणी बाई.

गजाल

आणि ती कोकणी बाई कोण असता? कायम कामवाली! माका याच गोष्टीचो राग येता.

वाडीवरची

गजाल यांना शंभर टक्के अनुमोदन. इथेच माझा कर्लीकाठ यांच्याशी मतभेद आहे. 'सहाय्यक भूमिका म्हणजे छोटं काम नाही' हे बोलायला बरं. पण बोलीचा हेल असलेल्या मुलीला काय मिळतं? मोलकरीण, मासेवाली, गावाकडून आलेली भोळी बहीण. नायिका पुण्याच्या सदाशिव पेठेत वाढल्यासारखी बोलणार आणि आमच्या बोलीवर लोक हसणार. माझ्या ओळखीतली एक मुलगी चांगली नटी आहे. तिला सलग मोलकरणीचीच कामं आली. एका ठिकाणी तर चाचणीला सांगितलं, "अजून जरा गावंढळ कर." ती परत आली. आज शाळेत शिकवते आणि नाटकाचं नावही काढत नाही.

म्हणून मी म्हणेन, पहिली भूमिका काय आहे ते नीट बघावं. नणंद कशी आहे? शिकलेली आहे का? स्वतःचं काही म्हणणं आहे का तिला? की फक्त कान भरायला आहे?

कर्लीकाठ

वाडीवरची, मतभेद नाहीच. तुमच्या ओळखीच्या मुलीचं वाचून फार वाईट वाटलं. नणंदेबद्दल आम्हाला एवढंच सांगितलंय की लग्न मोडून माहेरी आलेली आहे आणि घराचा दुधाचा धंदा सांभाळते. सुरुवातीला नायिकेच्या विरोधात, पुढचं गुलदस्त्यात.

सेटवरची

लग्न मोडून माहेरी आलेली, धंदा सांभाळणारी, म्हणजे लेखकाने काहीतरी विचार केलेला दिसतोय. अशा पात्राला पुढे ट्रॅक, म्हणजे स्वतःची गोष्ट मिळायची शक्यता बरी असते.

वाडीवरचींचा राग रास्त आहे, पण दुसरी बाजूही सांगते. मोलकरणीचं काम वाईट नसतं, ते वाईट लिहिलेलं असतं आणि घाईत केलेलं असतं. 'नाच गं घुमा'त नम्रता संभेराव यांनी घरकाम करणारी आशाताई केली, मुक्ता बर्वेंच्या बरोबरीने. सिनेमा दोघींचा झाला. छाया कदम यांच्या भूमिकांची यादी काढा: डुकरं हाकलणाऱ्या घरातली आई, टपरीवाली, स्वयंपाकीण, कोठ्यावरची बाई, 'अंधाधुन'मध्ये तर अवयवांच्या धंद्यात हात असलेली बाई. कागदावर सगळ्या 'त्याच त्या गरीब बायका'. पडद्यावर एकीची चाल दुसरीत नाही. मंजू माई भजी तळताना बोलते तेव्हा तिचं लक्ष खरोखर कढईत असतं, बोलणं हाताच्या कामातून येतं. 'फँड्री'तल्या आईला मान वर करून बोलायचीच सवय नाही. हा फरक दिग्दर्शक सांगत बसत नाही, नटीने घरून आणायचा असतो.

वाडीवरची

पटतंय. पण त्यासाठी लेखक-दिग्दर्शकही तसे लागतात. 'फँड्री'-'सैराट'चे नागराज मंजुळे, 'ऑल वी इमॅजिन'च्या पायल कपाडिया रोज भेटत नाहीत.

सेटवरची

नाही भेटत. म्हणून मालिका करत करत सिनेमाच्या, एकांकिकांच्या चाचण्या देत राहायचं.

आकेरीजवळचो

बोलीवरून विषय निघालाय म्हणून. 'रात्रीस खेळ चाले' २०१६ मध्ये आमच्या आकेरीत सुरू झाली तेव्हा कोकणाची बदनामी म्हणून विरोध झाला होता, मलाही भुताखेतांचं ते चित्रण आवडलं नव्हतं. पण त्या मालिकेने दोन गोष्टी केल्या त्या मान्य करायला हव्यात.

पहिली, बोली घरच्या सगळ्यांच्या तोंडी आली, नुसती गड्याच्या नाही. संवाद लिहिणारे प्रल्हाद कुडतरकर, पांडूचं कामही त्यांचंच. दुसरी, बायकांची पात्रं. शकुंतला नरे यांची माई घ्या. २०१९ मध्ये दुसरं पर्व आलं, सगळीकडे शेवंताची चर्चा, अपूर्वा नेमळेकर घराघरांत पोचली, ते ठीकच. आमच्या घरात मात्र आई माईसाठी बघायची. नवऱ्याच्या दहशतीत घर चालवणारी बाई, बोलताना आधी दाराकडे नजर टाकणार, मग वाक्य. आई म्हणायची, "अशी बायल माज्या वळकीची आसा." मुख्य भूमिका नसताना एखादी नटी घरच्या बाईला एवढं बोलतं करते, याहून काय पाहिजे?

आणि चित्रीकरणाच्या काळात आजूबाजूच्या गावांतल्या कितीतरी हौशी कलाकारांना छोटी-मोठी कामं मिळाली. मुंबईला न जाता कॅमेऱ्याची भीती गेली.

मुंबैकर_चाकरमानी

अवांतर: बायकांच्या भूमिकांवर बोलतोय तर दशावतार विसरू नका. आमच्याकडे राणी, सती, राक्षसीण सगळी कामं पुरुषांनीच केली. ओमप्रकाश चव्हाण यांची स्त्री भूमिका बघायला लोक दोन-दोन गावं ओलांडून जातात. कोपऱ्यात पेटी-मृदुंग, रंगायला एक आरसा, लिहिलेली संहिता नाही, कथानक ठरवायचं आणि वाक्यं उभ्या उभ्या जुळवायची. समोरच्याला सांभाळून घेण्याची शाळा म्हणाल तर हीच.

जुनी_रसिक

अवांतरावर अवांतर. कोकणातल्या बाईला रंगभूमीची वाट सोपी कधीच नव्हती. पहिल्या मराठी स्त्री नाटककार हिराबाई पेडणेकर सावंतवाडीच्या. १९१२ साली 'संगीत दामिनी' रंगमंचावर आलं. कलावंतिणीच्या घरात जन्म म्हणून समाजाने काय काय ऐकवलं असेल! शेवटची वर्षं त्यांनी गुहागरजवळ पालशेतला काढली, नाटकापासून लांब. आज सव्वीस वर्षांच्या मुलीला आपण एवढे जण मिळून 'जा की नको' विचारतोय, तिच्यासाठी हिशेब मांडतोय, हे मला फार मोठं वाटतं.

रत्नांग्रीची_पोर

पालशेत माझं आजोळ आणि हे मला आज कळतंय! धन्यवाद जुनी_रसिक.

दर्यावर्दी

धागा भरकटला, पण छान भरकटला. मूळ प्रश्नाकडे येऊ. सेटवरची, समजा मुलगी गेली. काय काय लिहून घ्यावं ते स्पष्ट सांगा. भावनेचं सगळं झालं, आता व्यवहार.

सेटवरची

व्यवहार सांगते.

महिन्याला किमान किती दिवसांचं काम देणार, हे करारात हवं. 'महिनाभर उपलब्ध राहा' म्हणतील आणि आठ दिवस बोलावतील, असं होतं. किमान दिवस लिहिलेले असले तर खोलीच्या भाड्याचा अंदाज बांधता येतो. पर डेचा आकडा टीडीएस कापण्याआधीचा की नंतरचा, तेही विचारा. काम कोऑर्डिनेटरकडून आलं असेल तर त्याचं कमिशन किती आणि किती काळ, हे आधीच ठरवून टाका. काही जण पूर्ण मालिकाभर घेतात.

दुसरं काम करता येईल का? नायिकेला सहसा बांधून ठेवतात. सहाय्यक कलाकाराला नाटक, सिनेमा करायची मुभा मागता येते आणि बऱ्याचदा मिळते. ही मुभा म्हणजे सहाय्यक नटीची खरी ताकद आहे, ती पहिल्याच करारात घालवू नये. राज्य नाट्य स्पर्धेच्या तारखा असतील तर त्याही आत्ताच सांगाव्यात.

ट्रॅक संपवायचा असेल तर किती दिवस आधी कळवणार? रात्री उशिरा पॅकअप झाला तर घरी सोडायला गाडी आहे का? हे दोन प्रश्न मुली संकोचाने विचारत नाहीत. विचारावेत. चांगलं प्रॉडक्शन या प्रश्नांनी चिडत नाही, उलट बाई नीट काम करणार हे त्यांना कळतं.

खोली सेटच्या जवळ बघा. पुष्कळ मराठी मालिका घोडबंदर रोड, मीरा रोड, गोरेगाव, मढ या पट्ट्यात होतात. दादरला नातेवाईक आहेत म्हणून तिथून रोज ये-जा करायला जाल तर महिन्यात आजारी पडाल.

आणि कोणी कामासाठी पैसे भरायला सांगितले, 'कार्ड काढून देतो', 'पोर्टफोलिओ आमच्याकडूनच कर', तर सरळ फोन ठेवायचा.

सोलकढी

हा प्रतिसाद कुठेतरी कायमचा वर डकवून ठेवा.

वाडीवरची

सेटवरची, मनापासून आभार. माझ्या ओळखीच्या मुलीला हा धागा पाठवते आहे. तिला मालिका नकोच असेल तर नको, पण शाळेतल्या मुलांचं नाटक तरी बसवू दे.

मोडीवाचक

मुलीसाठी एक सूचना. ऑडिशनची नवीन क्लिप करताना प्रमाण मराठीत एक आणि आपल्या बोलीत एक, अशा दोन करून ठेव. बोलीतली क्लिप विनोदी करू नकोस. भांडणाची कर, हिशेबाची कर, रागाची कर. आमच्या बायका मालवणीत रागावतात तेव्हा काय भाषा असते ती!

गजाल

माझी आवशी बोलाक लागली काय कुत्रोसुदा पडयेखाली जाता. तिका ऑडिशनाक पाठवू? 😄

दर्यावर्दी

गजाल, पाठवा. कंचन कोंबडीनंतर जागा रिकामी आहे.

गंभीरपणे, माझं मत थोडं बदललंय. आधी म्हणालो तो पैशांचा मुद्दा कायम आहे. पण पतसंस्थेत सहा महिन्यांची बिनपगारी रजा मागून बघावी. संचालक मंडळात आपल्याच भागातली माणसं असतात. राजीनामा शेवटी. वडिलांनाही 'नोकरी सोडली' ऐकण्यापेक्षा 'रजा घेतली' ऐकायला बरं वाटेल.

आकेरीजवळचो

दर्यावर्दी यांची सूचना उत्तम. रजेच्या अर्जात कारण खरं लिहावं. लपवलं आणि मग टीव्हीवर दिसली तर पंचाईत.

कर्लीकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. ताजी खबर देतो.

रविवारी तिच्या घरी गेलो होतो. वडिलांसमोर सेटवरचींचा व्यवहाराचा प्रतिसाद छापून ठेवला. त्यांनी चष्मा लावून पूर्ण वाचला, गाडीच्या प्रश्नाखाली पेनाने रेघ मारली आणि म्हणाले, "हे विचारलं का?" विचारलं नव्हतं. सोमवारी तिने फोन करून विचारलं. रात्री नऊनंतर पॅकअप झाला तर गाडी देतात म्हणे, लेखी द्यायलाही तयार आहेत. महिन्याचे किमान दिवस पंधरा म्हणतायत, आम्ही अठरा मागितलेत. नाटकाची मुभा तोंडी दिली आहे, ती करारात घालायला सांगितलंय.

रजेचा अर्ज गेला आहे. व्यवस्थापकांनी तीन महिन्यांपर्यंत हरकत नाही असं सांगितलं, पुढचं मंडळाच्या बैठकीत. आईचा होकार आहे. वडील अजून स्पष्ट हो म्हणालेले नाहीत, पण मुंबईला जायचं तुतारी एक्सप्रेसचं तिकीट त्यांनीच काढलंय, तेही दोघांचं. खोली स्वतः बघितल्याशिवाय मुलीला ठेवणार नाहीत.

सेटवरची, मीरा रोडकडे मुलींसाठी खात्रीची खोली किंवा पीजी माहीत असेल तर मला व्यक्तिगत संदेश करा.

सेटवरची

करते. आणि अठरावर ठाम राहा, सोळाच्या खाली येऊ नका.

गजाल

मालिका खयच्या चॅनलार आणि किती वाजता, ता आधी सांगा. आमच्याकडे सातपासून आवशीचो रिमोट आसता.